शिखर, शून्य डेथ: सेलेस्टच्या ७ए गोल्डनच्या नोंदी

१ जून २०२४, शनिवार

आजपासून सुरू. टार्गेट एकच आहे, सेलेस्ट या डोंगर चढायच्या व्हिडिओ गेमचा चॅप्टर ७, शिखराचा, ए-साइड (म्हणजे चॅप्टरची मूळ आवृत्ती), गोल्डन स्ट्रॉबेरी. ज्यांनी खेळलेलं नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. चॅप्टरच्या पहिल्याच स्क्रीनवर एक सोनेरी स्ट्रॉबेरी असते, ती उचलली की ती मॅडलिनच्या, म्हणजे गेमच्या नायिकेच्या, मागे तरंगत येते आणि चॅप्टर संपेपर्यंत एकदाही मरायचं नाही. मेलं की थेट पहिल्या स्क्रीनवर. एरवी या गेममध्ये मरणं म्हणजे क्षणात त्याच रूममध्ये परत उभं राहणं, मी ७ए पहिल्यांदा संपवला तेव्हा ४१२ वेळा मेले होते आणि मजेत मेले होते. आता त्या ४१२ चं शून्य करायचंय.

१ ते ६ च्या ए-साइड गोल्डन झाल्यात. गेममध्ये सगळ्या मिळून २०२ स्ट्रॉबेऱ्या आहेत, १७५ साध्या लाल, २५ गोल्डन, एक पंखवाली गोल्डन (चॅप्टर १ एकही डॅश, म्हणजे हवेतली झेप, न मारता संपवायचा) आणि एक फेअरवेल या शेवटच्या चॅप्टरमधली मून बेरी. मला २०२ करायच्या नाहीयेत. मला ही एक हवीय, कारण हा चॅप्टर मला सगळ्यात जास्त आवडतो. खाली ०M पासून वर ३०००M पर्यंत (M म्हणजे मीटर) सात टप्पे, पहिल्या सहा टप्प्यांत आधीचा एकेक चॅप्टर परत भेटतो, फक्त आता मॅडलिनकडे दोन डॅश असतात आणि जी बॅडलिन, मॅडलिनचीच काळी बाजू, आधी जीवावर उठली होती तीच प्रत्येक टप्प्याच्या शेवटी तिला वर फेकते. चार वर्षांपूर्वी घरात कोंडलेलो होतो तेव्हा हा चॅप्टर मी रात्री रात्री खेळलेय. त्यामुळे तो एकदा तरी एका दमात, न पडता चढायचाय.

२ जून, रविवार

आज रन (गोल्डन घेऊन पहिल्यापासून केलेला प्रयत्न) नाही, फक्त मोजणी. चेकपॉइंटवरून हवा तो टप्पा सुरू करता येतो (तिथून गोल्डन मिळत नाही, ती पहिल्या स्क्रीनवरच असते, पण प्रॅक्टिसला बेस्ट). प्रत्येक टप्पा २० वेळा खेळले आणि किती वेळा न मरता संपला ते एक्सेलमध्ये टाकलं. ऑफिसात दिवसभर एक्सेलच असतं त्यामुळे हात तिकडेच जातो.

०M: १७. ५००M: १६. १०००M: १४. १५००M: १५. २०००M: १२. २५००M: ११. ३०००M: २.

सगळ्यांचा गुणाकार केला तर १.२ टक्के येतात. म्हणजे साधारण ८५ रनमध्ये एक. पूर्ण रन मला २५ मिनिटांच्या आसपास लागते. बरेचसे रन मध्येच मरणार हे धरलं तरी ८५ रन म्हणजे रोज ऑफिसहून आल्यावर तास-दीड तास, असे कित्येक आठवडे. तेव्हा आधी टक्के वाढवायचे, मग रन.

आणि एक गंमत बघा, ३०००M चे २ चे ४ झाले की अख्ख्या रनचा चान्स डबल होतो, पण ०M चे १७ चे १९ झाले तर फक्त दहा-बारा टक्क्यांनी वाढतो. तरी मी आतापर्यंत प्रत्येक गोल्डनला पहिल्यापासून सुरू करून करून पहिल्या टप्प्याचीच सगळ्यात जास्त प्रॅक्टिस करत आलेय, कारण मेलं की तिथेच परत यायला होतं.

५ जून, बुधवार

५००M, ड्रीम ब्लॉकवाला (डॅश मारून आरपार जायचे ठोकळे) टप्पा. पटकन होतोय, लिहिण्यासारखं काही नाही.

९ जून, रविवार

कंट्रोलरचा विषय मिटवायला हवा. अर्ध्या डेथ अशा की मला सरळ वर डॅश मारायचा असतो आणि मॅडलिन तिरकी जाते. डॅशला आठच दिशा आहेत, पण ॲनालॉग स्टिकवर अंगठा जरा सरकला की वरचं तिरकं होतं. म्हणून डी-पॅडवर, म्हणजे दिशांच्या बटणांवर, आले. दोन दिवस हात आंधळा झाल्यासारखं वाटलं, पण तिरक्या डॅशने होणाऱ्या डेथ खरंच गेल्या.

अडचण फक्त २५००M ला आहे, तिथे पिसं आहेत. पीस घेतलं की मॅडलिन सोनेरी होऊन दोन सेकंद उडते आणि तेव्हा गोल वळणं घ्यावी लागतात, डी-पॅडवर ती तुटक येतात. मग ठरवलं की पिसाला हात लागायच्या आधी अंगठा स्टिकवर न्यायचा आणि उडणं संपायच्या आत परत डी-पॅडवर. ही अंगठ्याची ये-जा वेगळी शिकावी लागतेय. आज संध्याकाळी फक्त तेवढंच केलं, चाळीसेक वेळा. धाकटा भाऊ बाजूला बसून बघत होता, म्हणाला ताई तू गेम खेळत नाहीयेस, हार्मोनियम शिकतेयस. बरोबर बोलला, त्याच्या क्लासला मी पण सोडायला जायचे, तिथे सर त्याला एकच पलटा अर्धा अर्धा तास घोटायला लावायचे.

१५ जून, शनिवार

डी-पॅडचं खालचं बटण कधी लागतं कधी नाही. लॅमिंग्टन रोडला गेले. भांडुपवरून दादर, दादरला वेस्टर्नला बदलून ग्रँट रोड, पाऊस म्हणजे नुसता धो धो. दुकानातल्या काकांनी कंट्रोलर उघडला, आतलं रबर चेपलं होतं, दुसऱ्या एका बंद पडलेल्या कंट्रोलरचं काढून बसवलं आणि सर्किटवर कापसाने स्पिरिट फिरवून दिलं. दहा मिनिटांचं काम. त्यांनी विचारलं कशासाठी एवढं, मी म्हटलं काका एकही चूक चालत नाही असा गेम आहे. ते म्हणाले मग दोन्ही बाजूचे रबर बदल, एक नवं एक जुनं असलं की हाताला फरक कळतो. बदलले. खरंच फरक कळतो.

ब्लूटूथ इअरफोनपण बंद केलेत आजपासून. आवाज किंचित उशिरा येतो आणि मी उड्या नकळत आवाजावर मारते. वायरवाले लावले.

२३ जून, रविवार

आज केसांबद्दल लिहायचंय कारण मला हे एवढ्या उशिरा कळलं याचं वाईट वाटतंय. मॅडलिनच्या केसांचा रंग म्हणजे डॅशचा हिशेब. दोन डॅश शिल्लक तर गुलाबी, एक तर लाल, शून्य तर निळे. हे माहीत सगळ्यांना असतं, मलाही होतं, पण मी केसांकडे बघत नव्हते, मी डोक्यात मोजत होते, एक मारला, आता एक राहिला. आणि मधे हिरवा क्रिस्टल आला की डॅश परत भरतात, घाईत तो क्रिस्टल लागला की नुसता जवळून गेला हे डोक्याला कळत नाही, केसांना कळतं. गेल्या आठवड्यातल्या ६१ डेथची कारणं लिहून काढली त्यात १९ वेळा कारण एकच होतं, "डॅश आहे असं वाटलं, नव्हता."

आता नियम असा की क्रिस्टल घेतल्यावर पुढचा डॅश केस बघून मारायचा. त्याने मी हळू झाले. चालेल, इथे घड्याळ कोणी बघत नाहीये.

तसंच स्टॅमिनाचं. डेव्हलपर मॅडी थॉर्सन आणि नोएल बेरी यांनी प्लेयरचा कोड सगळ्यांना वाचायला खुला ठेवलाय, त्यात आकडे दिसतात. स्टॅमिना ११०. भिंत नुसती धरून ठेवली तर सेकंदाला १० जातात, म्हणजे अकरा सेकंद लटकता येतं. भिंत धरून वर उडी मारली तर एका उडीला २७.५, म्हणजे चार उड्यांत खलास. पण भिंत न धरता, दिशाही न दाबता मारलेल्या उडीला काहीच जात नाही. हे वाचल्यावर १०००M मध्ये धुळीच्या गोळ्यांमधून चढायची जी जागा मला नेहमी अडवायची ती सुटली, मी तिथे उगाच भिंत धरून वाट बघत बसायचे आणि वर पोचेपर्यंत मॅडलिन लाल चमकायला लागायची.

त्याच कोडमध्ये कोयोटी टाइम पण आहे, कडेवरून पाय सुटल्यावरही ०.१ सेकंद उडी मारता येते, ६० फ्रेमच्या हिशोबाने सहा फ्रेम. आणि वर जाताना डोकं ब्लॉकच्या कोपऱ्याला चार पिक्सेलपर्यंत अडकलं तर गेम स्वतःच बाजूला सरकवून देतो. मला हे वाचून फार बरं वाटलं. एवढा अवघड म्हणून नाव असलेला गेम, आणि आतून जागोजागी हात देऊन ठेवलाय.

३० जून, रविवार

परत मोजणी. १९, १९, १८, १८, १७, १७ आणि ३०००M ला ९. गुणाकार २४ टक्के. चारात एक! उद्यापासून रन. आईला सांगून ठेवलं की साडेनऊ ते अकरा मला हाक मारायची नाही. ती म्हणाली जेवण करून बस म्हणजे झालं.

८ जुलै, सोमवार

रात्री एक ते सकाळी सात एवढ्या वेळात मुंबईत काही ठिकाणी ३०० मिमीच्या वर पाऊस. सेंट्रलवर पाणी, ऑफिसला जाणं शक्यच नव्हतं. घरून काम केलं आणि दुपारी मधल्या वेळात चार रन.

आतापर्यंतचे रन ३१. पूर्ण: शून्य. ३०००M ला पोचलेले: ३. तिन्ही वेळा पहिल्या काही झेंड्यांतच मेले (तिथे ३० पासून उलट मोजत जाणारे झेंडे आहेत, सगळ्यात लांब मी झेंडा २४ पर्यंत गेलेय).

हे मला पटत नाहीये. चारात एक असेल तर ३१ रनमध्ये एकही न होण्याचा चान्स दहा हजारात दोन. माझं नशीब एवढं वाईट नसणार, म्हणजे माझा २४ चा आकडाच चुकीचा आहे. पण कुठे चुकला ते कळत नाहीये.

९ जुलै, मंगळवार

डेथची यादी रूमप्रमाणे लावली. अवघड रूममध्ये मी फार मरतच नाहीये. मी मरतेय अवघड रूमच्या पुढच्या रूममध्ये, जी सोपी असते. २०००M ला लाल बबलची (आत शिरलं की सरळ फेकत नेणारा बुडबुडा) जी जागा मला महिनाभर छळत होती ती ११ पैकी १० वेळा झाली आणि त्याच्या पुढच्या अगदी साध्या रूममध्ये मी चार वेळा मेले. चार! तिथे नुसत्या दोन उड्या आहेत.

काय होतं ते मला आठवतं, अवघड जागा सुटली की छातीत एकदम हलकं वाटतं, हात सैल पडतात आणि डोळे पुढच्या टप्प्यावर जातात, अंगठा मात्र आहे तिथेच असतो.

म्हणून नवीन सवय. अवघड रूम झाली की पुढच्या रूमच्या पहिल्या फळीवर थांबायचं. हात कंट्रोलरवरून उचलायचे, पंचाला पुसायचे (घाम इतका येतो की पंखा पाचवर असून बटणं ओली), एक श्वास, मग ती रूम अशी खेळायची जशी मी ती पहिल्यांदा बघतेय. मागे कोणी लागलेलं नसेल तर उभं राहायला या गेममध्ये काही लागत नाही.

१४ जुलै, रविवार

थांबण्याचा फायदा दिसतोय. सोप्या रूमच्या डेथ निम्म्यावर. पण ३०००M तसाच.

म्युझिक बंद करून खेळून बघितलं कारण वरच्या टप्प्यावर लेना रेनचं म्युझिक असं काही चढतं की माझं धडधडायला लागतं. बंद केल्यावर प्रॅक्टिस छान झाली आणि मग रनमध्ये म्युझिक चालू ठेवलं तर परत तेच. दोन्हीकडे सारखंच हवं. चालूच ठेवणार, मला ते म्युझिक न ऐकता वर जायचंही नाहीये.

१५ ते ३१ जुलै

रिटर्न भरायची शेवटची तारीख ३१ जुलै, या पंधरवड्यात घरी यायला रात्रीचे अकरा. रन नाही. १७ ला आषाढीची सुट्टी होती तेव्हा दोन तास खेळले, काही लिहून ठेवलं नाही.

३ ऑगस्ट, शनिवार

आज उत्तर मिळालं, आणि ते गेमच्या बाहेर मिळालं.

आमच्या बिल्डिंगच्या मागच्या मैदानात रात्री गोविंदांची प्रॅक्टिस असते. आमच्या खालच्या मजल्यावरचा मुलगा दुसऱ्या थराला असतो, जिन्यात भेटला, अंग नुसतं घामाने भिजलेलं. मी सहज विचारलं किती वेळा लावलेत आज थर. म्हणाला, "ताई, दोनदाच. पहिला लागतो का तेच बघायचं असतं. हंडीच्या दिवशी ट्रकमधून उतरलो की डायरेक्ट उभं राहायचं, तिथे कोण दहा ट्रायल देतं?"

मी जिन्यातच उभी राहिले. माझे २० पैकी १९ म्हणजे एकाच बैठकीत ओळीने २० वेळा तोच टप्पा. तिसऱ्या-चौथ्या वेळेला हात गरम झालेले असतात, त्या रूमची लय बसलेली असते, मग पुढचे पंधरा तर होणारच. पण रनमध्ये मी ३०००M ला येते ती वीस मिनिटं दुसरंच काहीतरी खेळून. तिथे मला तो टप्पा एकदाच मिळतो, आणि तोही थंड. मी मोजत होते गरम हात आणि रनमध्ये लागत होता थंड हात.

नवीन पद्धत: रोज प्रत्येक टप्प्याची फक्त पहिली ट्राय मोजायची. दिवसाला एक. मेले तर त्या खान्यात शून्य, मग हवी तेवढी प्रॅक्टिस करा पण शून्याचा एक होणार नाही.

१७ ऑगस्ट, शनिवार

दोन आठवडे झाले. पहिल्या ट्रायचा हिशेब, १४ दिवसांपैकी: १३, १३, १२, १२, ११, ९ आणि ३०००M ला २.

गुणाकार साडेचार टक्के. बावीस रनमध्ये एक. म्हणजे ३१ रनमध्ये शून्य येणं काही विचित्र नव्हतं. आकडा लहान झाला तरी मला आज फार शांत वाटतंय, निदान खरा आकडा आहे.

थंड हिशेबात आणखी एक दिसलं. मी ज्या ज्या ठिकाणी फास्ट पद्धत वापरत होते तिथेच शून्य येतंय. उदाहरण द्यायचं तर ३०००M ला एका ठिकाणी मी वॉलबाउन्स मारायचे, म्हणजे भिंतीला लागून सरळ वर डॅश आणि डॅश चालू असतानाच भिंतीवरून उडी. जमली की मॅडलिन रॉकेटसारखी जाते आणि मला ती उडी जिवापाड आवडते, पण गरम हाताला दहात नऊ आणि थंड हाताला दहात सहा. त्याऐवजी डावीकडे एक फळी आहे, तिच्यावर उतरून, केस गुलाबी झालेले बघून मग साधा डॅश मारायचा. तीन सेकंद जास्त. थंड हाताला दहात दहा.

अशा पाच जागा निघाल्या. पाचही ठिकाणी फळीवाली पद्धत घेतली. वॉलबाउन्स सोडताना जीवावर आलं हे लिहून ठेवते, कारण ती शिकायला मी मागच्या वर्षी दोन महिने घालवले होते.

स्पीडरन टूल नावाच्या मॉडमध्ये सेव्ह स्टेट मिळते, हव्या त्या क्षणी गेम गोठवून परत परत तिथूनच खेळता येतो. त्या पाच जागांसाठी तेच वापरतेय. पण त्यातही पहिली ट्रायच वहीत.

२७ ऑगस्ट, मंगळवार

आज हंडी. दिवसभर ढोल आणि डीजे, लॅपटॉपचा आवाजही येत नव्हता, त्यामुळे खेळायचा प्रश्नच नाही. खालच्या मजल्यावरचा मुलगा रात्री अकराला आला, खांदा सुजलेला, पण खूश. म्हणाला सात थर पहिल्याच झटक्यात लागले, दोन ठिकाणी. मी त्याला माझं सांगितलं नाही, सांगायला हवं होतं.

१ सप्टेंबर, रविवार

पहिल्या ट्रायचा नवीन हिशेब, १८ ते ३१ ऑगस्ट, हंडीचा दिवस वगळून १३ दिवस: १३, १३, १२, १२, १२, ११, आणि ३०००M ला ६.

गुणाकार तीस टक्क्यांच्या वर जातोय. १३ दिवस म्हणजे फार नाही, आकडा वरखाली होणार. पण सहा. दोनाचे सहा.

उद्यापासून परत रन. दिवसाला जास्तीत जास्त तीन. तिसरा गेला की लॅपटॉप बंद, कारण यादीत स्पष्ट दिसतंय की चौथ्या रनपासून मी ०M लाच मरायला लागते.

५ सप्टेंबर, गुरुवार

चार दिवस, १२ रन. ३०००M ला ४ वेळा पोचले. आज झेंडा ९ पर्यंत. झेंडा ९! उरलेले नऊ झेंडे डोळ्यांपुढे होते आणि मी क्रिस्टलवर एक डॅश जास्त खर्च केला, केस निळे, खाली काटे. रडू आलं. बाथरूममध्ये जाऊन तोंड धुतलं. आईने विचारलं काय झालं, म्हटलं अगदी वर पोचले होते गं. तिला गेममधलं काही कळत नाही पण ती येऊन शेजारी बसली आणि म्हणाली दाखव कुठून पडलीस. मी रेकॉर्डिंग लावलं. तिने तीनदा बघितलं आणि म्हणाली, तू इथे थांबली नाहीस, बाकी सगळीकडे थांबतेस.

खरंय. झेंडा १० नंतर एक उभं राहायची जागा आहे, तिथे मी न थांबता गेले कारण शेवट दिसायला लागला होता. वहीत लिहिलं: झेंडा १०, थांब, पंचा.

७ सप्टेंबर, शनिवार

गणपती आले. दीड दिवस घरात पाहुणे, लॅपटॉप कपाटात.

१० सप्टेंबर, मंगळवार

दोन रन. एक १५००M ला गेला, ढगावरून उडी उशिरा. एक २५००M ला, अंगठा स्टिकवरून डी-पॅडवर यायला उशीर. दोन्हींची कारणं लगेच सांगता येतायत. जूनमध्ये मला निम्म्या डेथचं कारण "माहीत नाही" असं लिहावं लागायचं.

१५ सप्टेंबर, रविवार

झालं.

आधी वेळ लिहून ठेवते, रात्री १० वाजून ४० मिनिटं, आजचा दुसरा रन, एकूण ५२ वा. लागलेला वेळ २९ मिनिटं, माझ्या नेहमीच्यापेक्षा चार मिनिटं जास्त, सगळी थांबण्यात गेलेली.

०M ते १०००M काही घडलं नाही. १५००M ला हिरव्या बबलमधून बाहेर पडताना दिशा चुकली, पण दुसरा डॅश शिल्लक होता, केस लाल दिसले म्हणून मारला आणि वाचले. २०००M ला लाल बबलची जागा झाली, मी थांबले, हात पुसले, पुढची दोन उड्यांची रूम मोजून मापून केली. २५००M ला पिसात अंगठा वेळेवर परत आला. बॅडलिनने वर फेकलं तेव्हा बाहेर कुठल्या तरी मंडळाची आरती चालू होती, टाळ ऐकू येत होते, आणि मी ठरवलं की आता खिडकी बंद करायला उठायचं नाही.

३०००M. फळीवाल्या पाचही जागा. झेंडा १९ ला मी कडेवरून पाय सुटल्यावर उडी मारली, मला वाटलं संपलं, पण उडी लागली, त्या सहा फ्रेममध्ये बसले असणार. रेकॉर्डिंग फ्रेम फ्रेम करून बघितलं, पाचवी फ्रेम. झेंडा १० ला थांबले. पंचा घेतला. या वेळी थांबायला जड गेलं, कारण हात खूप थरथरत होते आणि वाटत होतं की थांबले तर थरथर वाढेल. मी एकवीसपर्यंत मोजलं. का एकवीस माहीत नाही, मोदकांचं डोक्यात असेल. मग नऊ, आठ, सात. चारला क्रिस्टल, केस गुलाबी बघितले. शेवटच्या झेंड्यापर्यंत माझं लक्ष झेंड्यांवर नव्हतं, केसांवर होतं.

शिखरावर पोचल्यावर स्ट्रॉबेरी मिळाल्याचा आवाज आला आणि मी कंट्रोलर पलंगावर ठेवला. भाऊ झोपला होता, त्याला उठवलं. डोळे चोळत म्हणाला, "दाखव ना ताई, परत दाखव." परत दाखवता येत नाही म्हटलं, रेकॉर्डिंग आहे. दोघांनी अख्खी २९ मिनिटं बघितली. आई मधेच येऊन झेंडा १० च्या वेळेला उभी राहिली, मी थांबलेली दिसली तशी मान हलवली आणि पाणी आणायला गेली.

१८ सप्टेंबर, बुधवार

काल अनंत चतुर्दशी, रात्रभर झोप नाही, आज सुट्टी. शीट बंद करण्याआधी उरलेली कामं:

खालच्या मजल्यावरच्या मुलाला जाऊन सांगितलं. तो म्हणाला थंड हात हा शब्द चांगलाय, पथकात सांगतो.

कंट्रोलरचं उजवं रबर परत चेपायला लागलंय, पुढच्या शनिवारी लॅमिंग्टन रोड.

भावाने चॅप्टर १ ची गोल्डन सुरू केलीय. सकाळी बघितलं तर पहिली रूम ओळीने वीस वेळा खेळत होता. त्याच्यासाठी नवीन शीट उघडून दिली, एका दिवसाला एकच खाना. आजच्या खान्यात शून्य आहे.